पहिल्या तेरा भागांतला एक शब्द

हल्लीची मुलं 'सीझन' म्हणतात. पहिला सीझन भारी होता, तिसऱ्यात माती खाल्ली, वगैरे. आमच्या वेळी दूरदर्शनवर मालिका यायची ती तेरा भागांची. लोकांना आवडली तर आणखी तेरा, नाहीतर गुंडाळा गाशा. म्हणून आम्ही 'पहिले तेरा' म्हणायचो. मी सांगते आहे ती मालिका चार मित्रमैत्रिणींची होती, हिंदी आणि विनोदी. तिचे पहिले तेरा भाग मी ऐंशीच्या दशकात दोनदा पाहिले. एकदा दशकाच्या मध्यावर, रत्नागिरीत, मैत्रिणींच्या मांडीला मांडी लावून. आणि एकदा दशक संपता संपता, खेडला सासरी, व्हिडिओवर. पहिल्यांदा पाहिले तेव्हा एका शब्दाचा अर्थ चुकीचा लावला आणि त्यापायी माझी सगळ्यात जवळची मैत्रीण घालवली. दुसऱ्यांदा पाहिले तेव्हा चूक कळली. मधे चार वर्षं गेली. आणि हो, ही चारही वर्षं मी शाळेत मुलांना हिंदी शिकवत होते.

आम्ही तिघी होतो. एका जांभ्याच्या घराच्या मागच्या अंगाला दोन खोल्या, एक मोरी आणि विहिरीवर पाळीपाळीने पाणी. मी तात्पुरती शिक्षिका, आतल्या गावातली, शेतकऱ्याची मुलगी. दुसरी सरकारी दवाखान्यात नर्स. तिचे वडील पोफळीला वीजघरात नोकरीला, त्यामुळे रत्नागिरीत लाइट गेली की घरमालकीणबाईंपासून सगळे तिच्याकडे संशयाने बघायचे. तिसरी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर. ती नाट्याची, म्हणजे राजापूरजवळच्या नाटे बंदरातली. वडिलांची होडी, आई टोपली घेऊन बाजारात मासे विकायची. आमच्यात हुशार तीच होती. दिवसभर कानाला हेडफोन लावून दिल्ली, कानपूर, पाटणा असल्या लांबच्या लाइनी जोडायची, त्यामुळे तिची हिंदी फाडफाड. माझी हिंदी गाइडातली. सोमवारी वर्गात काय बोलायचं ते मी रविवारी वाचून ठेवायची.

ऑपरेटर नकला फार छान करायची. माझ्या वर्गातल्या हिंदीची तर तिने पार वाट लावली होती. 'बच्चे लोग, गडबड मत करो, नहीं तो मैं शिक्षा देगी' असं माझ्याच आवाजात म्हणून ती नर्सला हसवून हसवून लोळवायची. मीही हसायची. हिंदीत शिक्षा म्हणजे शिकवणं, आपली छडीवाली शिक्षा नव्हे, हे मी मुलांना वर्षाच्या पहिल्याच आठवड्यात बजावून सांगायची. सारखे दिसणारे शब्द फसवे असतात, असं फळ्यावर लिहूनही द्यायची. माझं अक्षर सुंदर आहे, अजूनही.

टीव्ही घरमालकीणबाईंचा. अँटेना माडाला बांधलेला. वारा सुटला की पडद्यावर मुंग्या. कोणीतरी बाहेर जाऊन माड हलवायचा, म्हणजे अँटेना हलवायचा, आणि आतून बाकीच्यांनी ओरडून सांगायचं, आलं, गेलं, आलं होतं गो, परत फिरव. मधेच प्रक्षेपण तुटलं की पाटी यायची, 'रुकावट के लिए खेद है'. घरमालकीणबाईंचं माहेर खेड. त्या दर वेळी मनापासून चिडायच्या. रुकावट खेडवाल्यांसाठी आहे ना, मग आमचा टीव्ही का बंद करतात मेले, असं त्यांचं म्हणणं. मी हिंदीची शिक्षिका म्हणून त्यांना समजावून सांगायला गेले, तेव्हा त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी तो नाद सोडला. आम्ही तिघी मात्र खोलीत येऊन त्यांना पोटभर हसलो. तेव्हा वाटायचं, जगातले बावळट लोक सगळे घराच्या पुढच्या अंगाला राहतात.

मालिकेतले चौघे मोठ्या शहरात शेजारी-शेजारी भाड्याने राहायचे. एक जाड्या, सारखा खाणारा. एक चित्रकार, त्याची चित्रं कोणी घ्यायचं नाही. एक श्रीमंत बापाची मुलगी, घर सोडून आलेली. आणि एक हिंदीत एम. ए. झालेला बेकार, जो साधं पाणी मागायचं तरी पूजा सांगितल्यासारखं संस्कृत बोलायचा. बाकीचे त्याच्या भाषेला हसायचे, पडद्यामागचे लोक हसायचे, आम्हीही हसायचो. चौघांना आम्ही आपसांत वाटून घेतलं होतं. जाड्या म्हणजे नर्स. ती तशी हडकुळी, पण खाण्याच्या बाबतीत हक्क तिचाच. श्रीमंत मुलगी मी मागून घेतली, कारण तिच्या साड्या चांगल्या होत्या. ऑपरेटर म्हणाली, तो संस्कृतवाला मी. चित्रकार कोणालाच नको होता, तो घरमालकीणबाईंना दिला.

हा संस्कृतवाला आम्हाला भलताच टवाळखोर वाटायचा, कारण तो उठल्यासुटल्या म्हणायचा, मैंने चेष्टा की. आता मराठी माणसाला चेष्टा म्हणजे काय हे कोणी सांगायला नको. थट्टा, टिंगल, मस्करी. नोकरीच्या मुलाखतीहून परत आला की हा म्हणणार, बहुत चेष्टा की. आम्ही म्हणायचो, बघा, साहेबाची टिंगल करून आला, कोण देणार याला नोकरी. एका भागात तो त्या श्रीमंत मुलीला म्हणाला, मैंने तुम्हारे लिए कितनी चेष्टा की, और तुम हँसती हो. त्यावर ती रडायला लागली, आणि तोही. आम्ही टाळ्या दिल्या. चेष्टा करतो तो करतो आणि वर तोंड करून सांगतो, काय धीट आहे मेला. नर्स तेवढी म्हणाली, मग तो का रडतोय? आम्ही तिला गप्प केलं. ऑपरेटरची त्या दिवशी ड्यूटी होती. ती असती तर पुढचं सगळं टळलं असतं. पण मालिका असायची त्याच वाराला तिची संध्याकाळची पाळी, आणि तेरातले तीन-चार भागच तिच्या वाट्याला आले. बाकीचे आम्ही तिला सांगायचो. म्हणजे मीच सांगायची, आणि माझ्या पद्धतीने सांगायची.

त्या वर्षी माझ्या नोकरीचं घोंगडं भिजत पडलं होतं. तात्पुरती म्हणून तीन वर्षं झाली, कायम करण्याचा कागद काही येईना. घरी बाबांना दर सुट्टीत एकच उत्तर, होईल. कायम झाल्याशिवाय लग्नाचं बघायचं नाही असं मी सांगून बसले होते, आणि आईने सगळे देव वेठीला धरले होते. फाइल कुठेतरी अडली होती. ती कुठे अडली हे विचारायलाही मला भीती वाटायची, कारण विचारलं की फाइली आणखी खाली जातात असं अनुभवी लोक सांगायचे.

तेवढ्यात जिल्ह्याला नवे मोठे साहेब आले. उत्तरेकडचे, तरुण, एकटे. एक दिवस अचानक मला त्यांच्या ऑफिसात बोलावणं आलं. मी इस्त्रीची साडी नेसले आणि रस्ताभर हिंदीतली वाक्यं घोकत गेले. साहेबांसमोर माझीच फाइल होती. ते हसून म्हणाले, "आपकी सहेली ने आपके लिए बहुत चेष्टा की है। रोज़ फ़ोन पर। बड़ी हँसमुख लड़की है।"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. साहेब पुढे काय बोलले ते मला अजूनही आठवत नाही. मी 'जी, जी' म्हणत राहिले आणि डोळ्यांपुढे सगळं लख्ख दिसत होतं. साहेब रोज आपल्या आईला फोन लावायचे, ती लाइन आमची ऑपरेटर जोडून द्यायची, हे मला ठाऊक होतं. लाइन मिळेपर्यंत अर्धा-अर्धा तास साहेब फोन धरून बसायचे, हेही तिनेच सांगितलं होतं. म्हणजे त्या अर्ध्या तासात ही बया माझ्या नकला करून साहेबांना हसवत होती. बच्चे लोग, गडबड मत करो. माझी फाइल ज्यांच्या हातात, त्यांच्यापुढे माझी चेष्टा. आणि तीही रोज.

तुम्ही म्हणाल, 'आपके लिए' म्हणाले ना ते, 'आपकी' नाही म्हणाले. त्याचंही मी रस्त्यात स्पष्टीकरण शोधलं होतं. हिंदीत असं कुठलंही शेपूट कशालाही लावतात. शिक्षिका होते ना मी.

घरी आले तर ऑपरेटर दारातच उभी. चेहरा फुललेला. काय म्हणाले साहेब, विचारलंन. मी म्हटलं, जे तू सांगितलंस तेच म्हणाले. त्यावर ती खुशाल हसली. तिला वाटलं मी आभार मानते आहे. मला वाटलं हिला जनाची नाही तर मनाची तरी. तिने विचारलं, मग पेढे कधी? मी आत गेले आणि कडी लावून घेतली. त्याच वेळी एकदा तोंडावर विचारलं असतं तर प्रकरण तिथेच मिटतं. पण विचारायला लाज वाटली. ज्याची चेष्टा झाली त्यानेच ती पुन्हा तोंडाने उगाळायची, हे माझ्या मानात बसेना. मानाचं मला तेव्हा फार होतं.

दुसऱ्या दिवशी मी वेगळं शिजवायला लागले. माझा स्टो, माझं पातेलं, माझं ताट-वाटी उचलली आणि पुढच्या खोलीत खिडकीखाली मांडली. दोन वर्षं आम्ही एका टोपातलं जेवत होतो. तिच्या आईने पाठवलेल्या सुक्या बांगड्याच्या तुकड्यावरून भांडत होतो. नर्सने मधे पडून पाहिलं. तिने मला विचारलं तर मी म्हटलं, तिलाच विचार. तिला विचारलं तर ती म्हणाली, मला काय ठाऊक. ऑपरेटरने एकदा माझ्यासमोर गरम भाकरी आणून ठेवली. मी म्हटलं, मला भूक नाही. दुसऱ्यांदा तिने आणली नाही. नर्सची मात्र चंगळ झाली, ती दोन्ही चुलींवर जेवायची.

आठवड्याभरात माझा कागद आला. कायम, आणि शाळा खेडजवळची. मी मनात म्हटलं, बघा, एवढी चेष्टा होऊनही शेवटी गुणाला किंमत आहेच. ट्रंक भरली, एसटी धरली. ऑपरेटर ड्यूटीवर होती, तिला भेटायला थांबले नाही. पुढच्या वर्षी लग्न ठरलं तेव्हा छापील पत्रिका पोस्टाने पाठवली, आत दोन ओळीसुद्धा लिहिल्या नाहीत. ती आली नाही. नर्स आली आणि तिने सांगितलं की ऑपरेटरची राजापूरला बदली झाली, घर जवळ पडतं म्हणून तिनेच मागून घेतली. मी म्हटलं, बरं झालं. आणि लग्नाच्या साडीत मोरीत जाऊन रडले. सासूबाईंना वाटलं माहेरची आठवण आली.

रत्नागिरी सोडल्यापासून चार वर्षांनी माझे दीर मस्कतहून सुट्टीवर आले, ते व्हिडिओ घेऊनच. सोबत पिशवीभर कॅसेटी. तिकडे खोलीवर आपली माणसं एकत्र बसून बघायची म्हणून कोणीतरी टीव्हीवरून उतरवून घेतलेल्या. त्यात आमचे पहिले तेरा होते, मधल्या जाहिरातींसकट. मला इतका आनंद झाला की मी दिरांना विचारून दुपारी शाळा सुटल्यावर रोज दोन भाग लावायचे ठरवले. सासूबाई कोपऱ्यात वाल सोलत बसायच्या.

आवडलेली गोष्ट पुन्हा बघू नये हेच खरं. पहिल्या भागातच लक्षात आलं की सगळे फार ओरडून बोलतात. खोली म्हणे भाड्याची, पण आमच्या शाळेच्या दोन वर्गांएवढी. चौघांपैकी एकही जण कधी पाणी भरत नाही, कोणी कपडे धूत नाही, रॉकेलच्या रांगेत कोणी उभं राहत नाही. भांडतात आणि वीस मिनिटांत एकमेकांच्या गळ्यात पडतात. जाड्याचा विनोद एकच होता, तो तेरा वेळा केलेला. माझ्या श्रीमंत मुलीच्या साड्या आता मला भडक वाटल्या. मी मधूनमधून हसत होते, पण ते जुन्या सवयीने. तिथे हसायचं असतं हे पाठ होतं म्हणून. खरं सांगायचं तर मी पडद्याकडे कमी आणि माझ्या दोन बाजूंच्या रिकाम्या जागांकडे जास्त बघत होते.

सातवा भाग की आठवा, तो रडण्याचा प्रसंग आला. संस्कृतवाला म्हणाला, मैंने तुम्हारे लिए कितनी चेष्टा की, और तुम हँसती हो. मी दिरांना म्हटलं, बघा भावजी, टिंगल करतो आणि वर तोंड करून सांगतो.

दीर म्हणाले, "वहिनी, टिंगल नाही हो. चेष्टा म्हणजे प्रयत्न. आमचा बिहारी फोरमन रोज म्हणतो. तुझ्यासाठी मी एवढी धडपड केली आणि तू हसतेस, असं म्हणतोय तो."

मी म्हटलं, मागे घ्या. त्यांनी कॅसेट मागे घेतली. तो पुन्हा तेच म्हणाला. पुन्हा मागे घ्यायला लावली. तिसऱ्या वेळी तो बोलत असताना मला साहेबांचा आवाज ऐकू येत होता. आपकी सहेली ने आपके लिए. रोज़ फ़ोन पर. अर्धा-अर्धा तास लाइनीवर ताटकळणाऱ्या माणसाला ती रोज माझ्या फाइलीची आठवण करून देत होती. म्हणून बोलावणं आलं होतं, म्हणून कागद आला होता. माझी नोकरी, माझं लग्न, मी बसले होते ती खुर्चीसुद्धा, सगळं तिच्या धडपडीवर उभं होतं. आणि मी तिची भाकरी परत केली होती. दिरांनी विचारलं, वहिनी, बरं वाटत नाही का. सासूबाई म्हणाल्या, डोळ्यांना त्रास होतो त्या डबड्याने, बंद करा.

दुसऱ्या दिवशी शाळेला दांडी मारून पोस्टात गेले आणि राजापूरला ट्रंक कॉल लावला. एक्स्चेंजचाच नंबर मागितला म्हणून खेडच्या ऑपरेटरने दोनदा खात्री करून घेतली. पलीकडून आवाज आला, राजापूर बोला. तोच, कडक इस्त्रीचा. मी नाव सांगितलं. मग मी एका दमात सगळं सांगितलं, साहेब, चेष्टा, मालिका, फोरमन, सगळं. मधे खेडची ऑपरेटर ऐकत असणार, कारण 'अगो बाय' असं कोणीतरी म्हणाल्याचं मला स्पष्ट ऐकू आलं. माझी मैत्रीण हसायला लागली. ती इतकं हसली की मलाही हसू फुटलं आणि त्यात रडूही. हिंदीची मास्तरीण, एवढंच ती मधूनमधून म्हणत होती. शेवटी म्हणाली, रविवारी नाट्याला ये, आई पण भेटेल.

मी हवेत चालत घरी आले. वाटलं, मिटलं. मालिकेतल्यासारखं, वीस मिनिटांत नाही तर चार वर्षांत, पण गळ्यात गळा पडलाच की. रविवारी पहाटेची एसटी धरली, राजापूरला गाडी बदलली आणि जेवणवेळेला नाट्याला उतरले. ती स्टॉपवर आली होती, थोडी जाड झालेली. चालता चालता तिने माझा हात धरला तो घर येईपर्यंत सोडला नाही. घरात तिच्या आईने माझे पाय धुवायला पाणी दिलं, नवी चटई टाकली आणि मला एकटीलाच पान मांडलं. मी म्हटलं, आपण सगळ्या एकत्रच बसू या. आई गडबडली. म्हणाली, "तुमचा वेगळा शिजवलाय हो बाई. टोप पण वरच्या वाडीतल्या मास्तरांच्या घरनं आणलाय, आमचा नाय. बिनघोर जेवा."

मला आधी कळलंच नाही. मी मैत्रिणीकडे बघितलं. ती दाराला टेकून उभी होती.

"मी घरी काय सांगणार होते?" ती म्हणाली. "त्या शब्दाचा घोळ मला तरी कुठे ठाऊक होता? मला दिसलं ते एवढंच, की तू कायम झालीस आणि भांडी वेगळी केलीस."

हे ती रागाने म्हणाली नाही. ती ते चार वर्षं खरं धरून जगली होती. आणि मला चटकन 'छे गो, भलतंच' असं म्हणता येईना, कारण आमच्या आतल्या गावात मासे सगळ्यांना लागतात, पण मासेवालीला ओसरीच्या खालीच उभी करतात, हे मी लहानपणापासून बघितलेलं. माझ्या मनात ते नव्हतं. पण रागावल्यावर मी नेमकी तीच गोष्ट केली होती, आणि करताना तिला काय वाटेल हे माझ्या डोक्यातही आलं नव्हतं. ते डोक्यात येण्याची मला कधी गरजच पडली नव्हती.

मी तो मास्तरांकडचा टोप बाजूला सरकवला आणि आईंना म्हटलं, मला तुमच्यातलंच वाढा. आईंनी लेकीकडे बघितलं. ती म्हणाली, वाढ गो आये. आईंनी चुलीवरचं कालवण आणलं आणि वाढलं, पण त्यांच्या पळीचा माझ्या ताटाला स्पर्श होऊ नये म्हणून वीतभर वरून. कालवणाचे शिंतोडे माझ्या पदरावर उडाले. मी माफी मागायला म्हणून एवढ्या लांब गेले होते, आणि त्या घाईघाईने आपल्या लुगड्याच्या टोकाने माझा पदर पुसत, माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "चुकलं हो बाई, माफ करा."